पाण्याच्या देवामागे, रविवार ते शनिवार: क्योतो ते युनोत्सु

जपानी ड्रॅगन पाहायचा तर सहल रविवारी सुरू करून शनिवारी संपवावी. क्योतोच्या तेनर्‍यूजी देवळातलं ड्रॅगनचं छत एरवी फक्त शनिवार-रविवारी आणि सुट्ट्यांना उघडतं, आणि शिमाने प्रांतात युनोत्सुला ओरोची नावाच्या आठ तोंडांच्या महासापाचा नाचाचा खेळ होतो तो शनिवारी रात्री. ही दोन टोकं पक्की झाली की मधले दिवस आपोआप बसतात. तोक्योची बाजू इथे मुद्दाम सोडली आहे. आसाकुसाच्या सेन्सोजीत सोनेरी ड्रॅगनचा नाच 18 मार्च आणि 18 ऑक्टोबरला होतो, एनोशिमा बेटावर पाच तोंडांच्या ड्रॅगनची कथा आहे, हाकोनेच्या सरोवरात नऊ तोंडांचा आहे. पण त्यांची वेगळी सहल करावी. एका आठवड्यात दोन्ही कोंबली तर निम्मा वेळ शिनकानसेन या वेगवान रेल्वेत जातो.

निघण्यापूर्वी एक गोष्ट डोक्यातून काढून टाकायला हवी. आग ओकणारा, खजिन्यावर बसलेला, पंख असलेला प्राणी इथे नाही. जपानचा ड्रॅगन, म्हणजे र्‍यू, हा पाण्याचा मालक. पाऊस, नदी, झरा, समुद्र ही त्याची खाती. त्याच्यात तीन धागे आहेत. मूळचा जपानी सापदेव, चीनहून आलेलं रूप, आणि बौद्ध ग्रंथांबरोबर गेलेले आपले नाग. सद्धर्मपुंडरीक सूत्रातल्या आठ नागराजांत वासुकी आणि तक्षक आहेत, आणि याच सूत्रात सागर नागराजाची आठ वर्षांची मुलगी बुद्धत्व मिळवते. नागपंचमीला आपण ज्याला वारुळापाशी शोधतो, तो तिकडे ढगात जाऊन बसला आहे.

रूप ठरलेलं आहे आणि ते नऊ प्राण्यांकडून घेतलेलं: शिंगं हरणाची, डोकं उंटाचं, मान सापाची, पोट शिंपल्यातल्या जीवाचं, खवले कार्प माशाचे, नख्या ससाण्याच्या, पंजे वाघाचे, कान बैलाचे. डोळ्यांबाबत मात्र पाठभेद आहेत, कुणी सशाचे म्हणतं, कुणी राक्षसाचे. खवले 81. हनुवटीखालचा एक खवला उलटा असतो आणि त्याला हात लागला तर ड्रॅगन खवळतो. पंजात किंवा हनुवटीपाशी गोल मणी दिसला तर तो चिंतामणी. चित्र पाहताना आधी नख्या मोजाव्यात: जुन्या जपानी चित्रांत बहुधा तीन, चिनी बादशाही ड्रॅगनला पाच.

रविवार: क्योतोची छतं

सकाळी क्योतो स्टेशनवरून जेआर, म्हणजे जपान रेल्वेच्या सागानो मार्गाने सागा-आराशियामा. गाडी पंधरा-सोळा मिनिटांत पोचते, पुढे दहा-बारा मिनिटं पायी. तेनर्‍यूजीची बाग साडेआठला उघडते, ड्रॅगनची हात्तो, म्हणजे प्रवचनाची इमारत, नऊला. हात्तोचं तिकीट वेगळं, 500 येन. बाग आणि मुख्य इमारतींचं तिकीट काढून लोक आत फिरतात आणि ड्रॅगन न बघताच बांबूच्या वनाकडे निघून जातात. हात्तो बागेच्या आत नाही, आवारात शिरतानाच वेगळी उभी आहे. वसंत आणि शरद ऋतूंतल्या खास काळात ती रोज उघडी असते. आत फोटो काढायला बंदी.

देऊळ 1339 साली शोगुन, म्हणजे लष्करी सत्ताधीश, आशिकागा ताकाउजीने सम्राट गो-दाइगोच्या आत्म्याच्या शांतीसाठी बांधायला घेतलं. आधी त्याला त्या वेळी चालू असलेल्या राजकालाचं नाव दिलं होतं. हिएइ डोंगरावरच्या एनर्‍याकुजीने त्यावर हरकत घेतली. मग ताकाउजीच्या भावाला स्वप्न पडलं, की देवळाच्या दक्षिणेकडच्या ओइ नदीतून सोन्याचा ड्रॅगन वर येतो आहे, आणि देऊळ ‘स्वर्गीय ड्रॅगनचं’ झालं. राजकीय अडचणीवर स्वप्नाचा उतारा तेव्हाही चालत होता.

छतावरचा आजचा ड्रॅगन कायामा माताझोने 1997 साली काढला. हिनोकी लाकडाच्या तीन सेंटीमीटर जाडीच्या 159 फळ्या जोडल्या, त्यांवर लाखेचं रोगण दिलं, रोगणावर पांढऱ्या मातीचा थर दिला आणि त्यावर शाईने नऊ मीटर व्यासाच्या दुहेरी वर्तुळात ड्रॅगन उतरवला. याला नख्या पाच आहेत. कुठूनही पाहिलं तरी तो आपल्याकडेच बघतो. चित्र सपाट आहे, आणि सपाट चित्रातलं बुबुळ डोळ्याच्या मधोमध असलं की बघणारा बाजूला सरकला तरी ते मधोमधच राहतं. पुतळ्याच्या बाबतीत असं होत नाही. मधोमध उभं राहून मान वर करू नये. भिंतीलगत सावकाश पूर्ण फेरी घालावी आणि दर चार-पाच पावलांवर थांबावं.

तिथून परत सागा-आराशियामा, आणि क्योतोच्या दिशेने दोन स्टेशनं पुढे हानाझोनो. तिथून म्योशिनजी देऊळ चालत पाच-सात मिनिटांवर. इथली हात्तो दुपारी बारा ते एक बंद असते, म्हणून तेनर्‍यूजीतून साडेदहाला बाहेर पडलंच पाहिजे. बागेत रमलात तर इथे दारात तासभर बसावं लागतं. छतावरचा ड्रॅगन कानो तान्यूचा, 1656चा, व्यास बारा मीटर. त्याला आठ वर्षं लागली असं देवळात सांगतात. या एका छतासाठी क्योतोला यावं, इतकं ते सरस आहे. एका बाजूने पाहिलं तर ड्रॅगन वर चढतो आहे, समोरच्या बाजूने पाहिलं तर तोच खाली उतरतो आहे. डोळा वर्तुळाच्या मध्यावर धरून तान्यूने शरीर त्याच्याभोवती गुंडाळलं आहे, त्यामुळे बघणाऱ्याची बाजू बदलली की शेपटीकडचा भाग पुढे येतो किंवा मागे जातो. याच इमारतीत 698 सालची घंटा ठेवली आहे. घाईत तिच्याकडे दुर्लक्ष होतं.

प्रवचनाच्या जागी ड्रॅगन का? कारण दोन. तो धर्माचा पाऊस पाडतो, हे एक. दुसरं रोकडं आहे: लाकडी देवळांचा मोठा शत्रू आग, आणि ड्रॅगन पाण्याचा.

दुपारी गिओनमधलं केननिनजी. शेवटचा प्रवेश साडेचारला. हात्तोच्या छतावर एक नाही, दोन ड्रॅगन आहेत: एकाचं तोंड उघडं, दुसऱ्याचं मिटलेलं, म्हणजे ‘अ’पासून ‘हूं’पर्यंत, आरंभ आणि अंत. कोइझुमी जुनसाकुने ते 2002 साली, देवळाला 800 वर्षं झाल्याबद्दल काढले. आकार 11.4 गुणिले 15.7 मीटर, म्हणजे 108 तातामी चटयांएवढा. एवढा कागद पसरायला जागा हवी, म्हणून होक्काइदोतल्या एका बंद पडलेल्या शाळेच्या व्यायामशाळेत काम झालं. फोटो चालतात. मुख्य इमारतीत काइहो यूशोच्या 1599च्या ड्रॅगनच्या सरकत्या दारांच्या प्रतिकृती आहेत. मूळ दारं क्योतो राष्ट्रीय संग्रहालयात. छतावरच्यापेक्षा हे ड्रॅगन डोळ्यांच्या पातळीवर भेटतात. मिशांच्या रेषा ओल्या कागदावर पसरल्या आहेत, नख्या मात्र कोरड्या कुंचल्याने टोकदार ओढल्या आहेत. धुकं आणि नखी एकाच शाईची.

सोमवार: शिनसेनएन आणि किफुने

तोझाइ भुयारी मार्गाचं निजोजो-माए स्टेशन, तिथून दोन-तीन मिनिटांवर शिनसेनएन. तळं एवढंसं आहे की पर्यटक शेजारच्या निजो किल्ल्यात जातात आणि इकडे फिरकत नाहीत. पूर्वी ही राजवाड्याची प्रचंड बाग होती. किल्ला बांधताना तिचा मोठा भाग गेला.

824 सालच्या दुष्काळात इथे पावसासाठी दोन भिक्षूंची स्पर्धा लागली, कूकाइ आणि शुबिन. कथा अशी, की कूकाइच्या प्रार्थनेला पाऊस येईना. ध्यान लावल्यावर त्याला दिसलं, की शुबिनने जगातले सगळे ड्रॅगन एका घड्यात कोंडले आहेत. एकच सुटला होता, झेन्न्यो, आणि तो होता भारताच्या उत्तरेला अनवतप्त सरोवरात. कूकाइने त्याला बोलावलं आणि पाऊस पडला. क्योतोत पाऊस पाडायला नाग हिमालयापलीकडून मागवावा लागला, ही गोष्ट जपानी लोक अगदी सहज सांगतात. लाल पुलावरून जाताना एकच इच्छा धरायची आणि पूल ओलांडून झेन्न्योच्या छोट्या देवळापाशी जायचं. 

खास दर्शनाचा काळ असेल (वसंत आणि शरद) तर मधे इमादेगावा स्टेशनवर उतरून शोकोकुजी. तिथली हात्तो 1605ची आणि छतावर कानो मित्सुनोबुचा ड्रॅगन. त्याच्या तोंडाखाली उभं राहून टाळी वाजवली की छत घुमतं, म्हणजे ड्रॅगन ‘रडतो’. आवाज कडक जमीन आणि कडक छत यांच्यात वर-खाली आपटत राहतो, त्यातून ती थरथर येते. टाळी कोरडी, एकच आणि तळव्यांनी सपाट द्यायची. हातमोजे घातले, खांबाजवळ उभे राहिलात, किंवा शेजारच्यानेही त्याच क्षणी टाळी दिली तर काहीच ऐकू येत नाही. आपली पाळी येईपर्यंत थांबावं.

देमाचियानागीवरून एइझान रेल्वेने किबुनेगुचीला अर्धा तास, मग बस किंवा दोन किलोमीटर चढाची वाट. किफुने देवळाचा देव ताकाओकामी, पावसाचा आणि पाण्याचा. दरबार पाऊस हवा असला की काळा घोडा अर्पण करी, थांबायला हवा असला की पांढरा. पुढे खऱ्या घोड्यांऐवजी रंगवलेली लाकडी पाटी आली; आज जपानभर देवळांत टांगलेल्या नवसाच्या पाट्यांचं मूळ हेच, असं हे देऊळ सांगतं. इथला कौल पाण्यावर लागतो. कोरा दिसणारा कागद झऱ्याच्या पाण्यावर सोडला की अक्षरं उमटतात. कागद आडवा, सपाट सोडायचा. बोटांनी दाबून बुडवला तर तो मऊ पडून फाटतो.

दर्शनाचा क्रम ठरलेला: आधी मुख्य देऊळ, मग सर्वांत वरचं ओकुमिया, आणि परतताना मधलं युइ-नो-याशिरो. बहुतेक लोक वाटेत लागतं म्हणून मधलं आधी करतात. ओकुमियाच्या गाभाऱ्याखाली ‘ड्रॅगनचं बीळ’ आहे, ते कुणी पाहायचं नसतं. जपानातल्या तीन मोठ्या ड्रॅगन-विवरांत याची गणना होते. पावसाळी हवा असेल तर निघण्यापूर्वी रेल्वे चालू आहे ना ते बघावं. जुलै 2020च्या पावसात दरड कोसळून ही रेल्वे इचिहारा ते कुरामा बंद पडली ती थेट सप्टेंबर 2021मध्ये सुरू झाली. पावसाच्या देवाकडे जायचं म्हटलं की एवढी जोखीम आलीच.

मंगळवार: नारा, सारुसावा तळं

हा दिवस हलका. सारुसावा तळं किन्तेत्सु-नारा स्टेशनपासून सात-आठ मिनिटांवर, आणि फेरी दहा मिनिटांत होते. पण उद्याच्या मुरोची गोष्ट इथे सुरू होते. या तळ्यात ड्रॅगन राहत होता. सम्राटाची मर्जी गेली म्हणून दरबारातल्या एका उनेमेने, म्हणजे सेवेतल्या मुलीने, इथे जीव दिला; पाणी विटाळलं म्हणून ड्रॅगन कासुगा डोंगरावर गेला. तिथेही लोक प्रेतं टाकू लागले, तेव्हा तो मुरोच्या डोंगरात गेला. सोवळं मोडलं की पाणी देणारा निघून जातो, हा या कथेचा गाभा आहे आणि मराठी वाचकाला तो समजावून सांगावा लागत नाही. तळ्याच्या काठावर त्या मुलीचं छोटं देऊळ आहे. ते तळ्याकडे पाठ करून उभं आहे, कारण जिथे जीव गेला ते पाणी तिला बघवत नाही. कमान तळ्याकडे आणि देवळाची पाठही तळ्याकडे, अशी ही रचना नीट पाहावी.

बुधवार: मुरो

किन्तेत्सु रेल्वेने यामातो-साइदाइजी आणि यामातो-यागी अशा दोन बदल्या करून मुरोगुची-ओनो. नावं सारखी वाटतात, म्हणून पाटी वाचून उतरावं. जेआर पास या रेल्वेवर चालत नाही. पुढची बस पंधरा मिनिटांची, पण तिच्या फेऱ्या थोड्या. परतीच्या बसची वेळ उतरल्या उतरल्या थांब्यावर टिपून घ्यावी. ती चुकली तर तासभर तरी ताटकळावं लागतं.

मुरोजी देवळाचा पाच मजली पॅगोडा जेमतेम 16 मीटर उंच, उघड्यावर उभ्या असलेल्या जुन्या पाच मजली पॅगोड्यांत सर्वांत लहान. सप्टेंबर 1998च्या वादळात शेजारचा सुमारे 50 मीटरचा देवदार त्याच्या छपरांवर कोसळला. 2000 साली दुरुस्ती पुरी झाली. कोयासान डोंगर बायकांना बंद होता तेव्हाही मुरोजी खुलं होतं, म्हणून याला बायकांचं कोया म्हणतात. वरच्या ओकुनोइनपर्यंत पायऱ्या साधारण 700 आहेत. गुडघे दुखत असतील तर पॅगोड्याशी थांबावं आणि जोर पुढच्यासाठी राखावा.

पुढचं म्हणजे ड्रॅगनचं विवर. देवळापासून नदीच्या वरच्या अंगाला रस्त्याने पंधरा मिनिटं चाललं की मुरो र्‍यूकेत्सु देऊळ लागतं, दोन प्रचंड देवदारांमागे. बरेच जण इथूनच परततात. खरं विवर अजून किलोमीटरभर पुढे, वनखात्याच्या रस्त्याने वर. मग खाली उतरणाऱ्या पायऱ्या येतात, त्या बाराही महिने ओल्या. कठडा धरून उतरायचं आणि चपला घालून अजिबात जायचं नाही. खाली छपराचा लाकडी चौथरा आहे. त्यावर बूट काढून बसायचं. समोर ओढा, ओढ्यापलीकडे खडकात फटीसारखं काळं तोंड, त्यावर पवित्र जागेची खूण म्हणून बांधलेली दोरी. बाजूच्या गुळगुळीत कातळावरून पाणी पातळ पसरून घसरतं. मूर्ती नाही, चित्र नाही. आठव्या शतकाच्या शेवटी युवराज यामाबे, पुढचा सम्राट कान्मु, आजारी पडला तेव्हा पाच भिक्षूंनी याच डोंगरात प्रार्थना केली आणि तो बरा झाला, त्यातून मुरोजी उभं राहिलं. पुढे दुष्काळात दरबाराचे दूत इथे येत. छतांवरच्या ड्रॅगनपेक्षा ही जागा जुन्या समजुतीच्या जास्त जवळची आहे.

गुरुवार: गाडीत

नारा ते शिन-ओसाका, शिनकानसेनने ओकायामा, मग याकुमो एक्स्प्रेसने तीन तासांत इझुमोशी. जुन्या याकुमोच्या वळणांवर लोकांना मळमळायचं. एप्रिल 2024पासून आलेल्या नव्या गाड्यांत तो त्रास बराच कमी झाला आहे. इझुमोशीच्या जरा आधी गाडी हिइ नदी ओलांडते तेव्हा खिडकीशी असावं. उथळ पाण्याखाली वाळू जाळीसारखी, खवल्यांसारखी पसरलेली दिसते. उद्या-परवाच्या ओरोचीचं शरीर हेच, असं इथले लोक दाखवतात.

या डोंगरांत लोखंडी वाळू आहे. ती मिळवायला शतकानुशतकं डोंगर फोडून माती पाण्यात धुतली, गाळ नदीत गेला आणि नदीचं पात्र आजूबाजूच्या शेतांपेक्षा उंच झालं. ओकुइझुमोत जुन्या पद्धतीची तातारा भट्टी अजून तलवारींच्या पोलादासाठी पेटते: सुमारे दहा टन वाळू आणि बारा टन लाकडी कोळसा घालून अडीच टनांचा गोळा निघतो. ओरोचीच्या पोटातून नेहमी रक्त ठिबकतं आणि शेपटीतून तलवार निघते, याचा अर्थ लाल गाळाची, पूर आणणारी, लोखंडाची नदी, असा बरेच अभ्यासक लावतात. एवढं सरळ समीकरण मांडताना थोडा हात आखडता घ्यावा, पण नदी पाहिल्यावर ते सोडवतही नाही.

शुक्रवार: इझुमो ताइशा आणि इनासा किनारा

इझुमोशी स्टेशनवरून इझुमो ताइशा देवळापर्यंत बसने अर्धा तास. आधी इनासा किनाऱ्यावर जायचं (देवळापासून पश्चिमेला पंधरा-वीस मिनिटं पायी), तिथली चिमूटभर वाळू घ्यायची आणि मुख्य देवळामागच्या सोगा-नो-याशिरोत ठेवून तिथली कोरडी वाळू घ्यायची. वाळूसाठी छोटी पिशवी आधीच जवळ ठेवावी. नमस्काराची रीतही इतरांहून वेगळी: दोनदा वाकायचं, चार टाळ्या, पुन्हा एकदा वाकायचं.

जुन्या चांद्र पंचांगाच्या दहाव्या महिन्यात देशभरचे देव इथे जमतात. स्वागत दशमीच्या संध्याकाळी याच किनाऱ्यावर होळ्या पेटवून होतं. बहुतेक वर्षी ही तिथी आपल्या कार्तिक शुद्ध दशमीला, म्हणजे कार्तिकी एकादशीच्या तोंडावर येते (2022 आणि 2023 साली एकाच दिवसाचं अंतर होतं), पण दोन्ही पंचांगांचे अधिक महिने वेगळे पडले की महिनाभर फरक पडतो, जसा 2025ला पडला. देवांच्या पुढे वाट दाखवायला येतो तो र्‍यूजा, ड्रॅगन-साप. तो खराच प्राणी आहे: पाठ काळी, पोट पिवळं असा विषारी समुद्रसाप. उबदार पाण्याचा हा जीव शरदाच्या अखेरीस प्रवाहाबरोबर इथे येतो, थंडीने गारठतो आणि किनाऱ्याला लागतो. सापडलेला साप देवळाला देण्याची रीत होती. किनाऱ्यावर पडलेला असा साप दिसला तर निपचित आहे म्हणून हात लावू नये.

शनिवार: युनोत्सु, ओरोचीची रात्र

सान्इन मार्गाने पश्चिमेला युनोत्सु. गाड्या विरळ, म्हणून सकाळचीच धरावी. स्टेशनपासून गरम झऱ्यांची गल्ली पंधरा मिनिटांवर. गाव इवामी चांदीखाणीच्या जागतिक वारशात 2007पासून आहे. खेळ होतो तात्सु-नो-गोझेन देवळात, ज्याच्या माथ्यावर ड्रॅगनच्या तोंडासारखा खडक आहे. वेळ रात्री आठ. संपल्यावर परतीच्या गाडीचा भरवसा नाही, म्हणून मुक्काम गावातच आणि खोली आधीच राखलेली हवी.

कथा 712च्या कोजिकी या पुराणकथांच्या ग्रंथातली. सुसानोओ या देवाला नदीकाठी रडणारं म्हातारं जोडपं भेटतं. आठ मुलींपैकी सात ओरोचीने खाल्ल्या, आठवी कुशिनादाहिमे उरली आहे. ओरोचीला आठ डोकी, आठ शेपट्या. अंगावर शेवाळ आणि झाडं वाढलेली, लांबी आठ दऱ्या आणि आठ टेकड्यांची, डोळे होझुकीच्या फळासारखे लाल (हे झाड आपल्या रसभरीच्या कुळातलं). आठ दारांशी कडक साकेचे, म्हणजे तांदळाच्या दारूचे, आठ हौद ठेवतात, ओरोची पिऊन झिंगतो, आणि कापला जातो. शेपटी तोडताना तलवारीची धार बोथटते, कारण आत दुसरी तलवार असते. तीच कुसानागी, राजघराण्याच्या तीन मानचिन्हांपैकी एक.

रंगमंचावरच्या ओरोचीत माणूस एकच असतो, आणि त्याच्यामागे साधारण सतरा मीटरचं अंग. चिरलेल्या बांबूच्या कड्यांवर या भागातला सेकिशू हातकागद चिकटवून ते केलेलं असतं आणि कागदी कंदिलासारखं दुमडतं. कल्पनाही कंदिलावरूनच आली. त्याआधी नट खवल्यांच्या नक्षीचे कपडे घालून नाचत. मुखवट्यासाठी मातीचा साचा घडवतात, त्यावर खळ आणि कच्च्या पर्सिमन फळाचा रस लावून कागदाचे थर देतात आणि वाळल्यावर आतली माती फोडून काढतात. म्हणून एका साच्याचा एकच मुखवटा. पूर्वी एक-दोन ओरोची असत. 1970च्या ओसाका एक्स्पोत बरेच एकदम नाचले आणि मग तीच पद्धत पडली.

ओरोचीचा खेळ शेवटी असतो, तोपर्यंत निघू नये. जागा मधोमध, दुसऱ्या-तिसऱ्या रांगेत घ्यावी. पहिल्या रांगेत शेपूट मांडीवर येते आणि तोंडातून सुटणाऱ्या ठिणग्यांचा धूर थेट डोळ्यांत. दमा असेल तर दाराजवळ बसावं. सगळे ओरोची एकमेकांत गुंतून उभा मनोरा करतात, तेव्हा चेहऱ्यांकडे न बघता जमिनीकडे बघा. नट पायाने अंगाचा गोळा सरकवत, मोकळ्या हाताने कडी ओढत वेटोळं बांधत असतो. कडी उलटी पडली तर वेटोळं सुटतं आणि शेजारचाही अडकतो, म्हणून त्यांचा क्रम डाव्या-उजव्याने बांधलेला असतो आणि ढोलाचा ठेका त्याच क्रमाने बदलतो. ढोलावरच्या माणसाची नजर सुसानोओवर नसते, या शेपट्यांवर असते.